आधी कुठल्या भाषेत

दुसऱ्या रेल्वे गेटपाशी, कुंद्याच्या दुकानावर
आमचं ऑफिस.
पाटीवर साठ टक्के कन्नड, नियमाप्रमाणे.
उरलेल्या जागेत आम्ही मावतो :
संकटकाळी चोवीस तास.

मी खोटी वार्ताहर.
माझ्या माईकला वायर नाही.
कोप्पीकर मॅडम कॅमेऱ्यामागे
आणि समोरच्या खुर्चीत ज्याच्यावर वेळ आलीय तो.
साखरेचे चेअरमन बसून गेले, नर्सिंग कॉलेजचे ट्रस्टी,
एक बिल्डर, ज्याचा जिना माणसांसकट खाली आला होता.

आज पायगोंडा शेठ.
उद्यमबागेत फाउंड्री. परवा रात्रपाळीत
क्रेनची साखळी तुटली, लॅडल कलंडली,
खाली भरमा हुंद्रे, मच्छ्याचा, मोल्डर.

"साखळी म्हणायचं नाही," मॅडम सांगतात,
"उपकरण म्हणा.
तुटली पण नाही, तांत्रिक बिघाड झाला.
भरमा नको, आमचे सहकारी.
आणि गळ्यातली ती काढून ठेवा."

मी ड्रॉवर उघडला.
आत आधीच दोन घड्याळं, पोवळ्याची एक अंगठी,
टीव्हीवर गरीब दिसून परत जाताना
कुणीकुणी विसरलेली.

साखळी निघाली तशी मानेवर दिसला
रुपयाएवढा चकाकता डाग.
"रस उडाला होता," शेठ म्हणाले, "एकोणऐंशी साली.
तेव्हा मी पण मोल्डरच की ओ."
मॅडमनी पावडरचा डबा माझ्याकडे सरकवला.

मग खरी अडचण : आधी कुठल्या भाषेत?
मराठीत सुरुवात केली
तर बेंगळुरूचे चॅनल तेवढंच धरून बसणार,
कन्नडमध्ये केली तर मच्छ्याची पोरं गेट अडवणार,
आणि दोन्ही भांडणांच्या मधून
भरमा हळूच निसटून जाणार.
आमची फी बहुतेक याचीच असते.

नमस्कार दोन्हीकडे चालतो. दुःखही चालतं.
परिहार मात्र जपून :
कन्नडमध्ये तो पैशांत मोजतात,
आपल्यात नुसता शंकांचा होतो.
चूक झाली.
तप्पायितु.
वीसेक वेळा म्हणवून घेताना माझ्या ध्यानात आलं,
दोन्हीकडे ती आपली आपण होते,
करणारा लागत नाही.
एवढ्या एका गोष्टीवर इथं कुणाचा वाद नाही.

मी वायर नसलेला माईक पुढं केला :
"साखळी बदला म्हणून कुणी सांगितलं होतं का?"
यादीतला तेरावा प्रश्न.
पाठ केलेलं उत्तर : चौकशी सुरू आहे.
बाहेर गेट पडलेलं. मालगाडी चाललेली,
खिडकीची काच थरथरत होती.
शेवटचा डबा जाईपर्यंत शेठ थांबले.

"भरमानंच सांगितलं होतं. दिवाळीच्या आधी.
मी म्हटलं, एवढी ऑर्डर निघू दे रे.
मी म्हटलं ओ. मीच."

मॅडमनी कॅमेरा बंद केला.
"छान. आवाजातला तो कंप ठेवा.
फक्त मी काढा."

संध्याकाळी टीव्हीवर बेचाळीस सेकंद.
एकवीस आणि एकवीस, मी घड्याळ लावून बघितले.
कंप होता. मान स्वच्छ होती.
एकदाच हात कॉलरकडे गेला
आणि शिकवल्याप्रमाणे मांडीवर परत आला.
आई भाकरी थापता थापता म्हणाली,
"चांगला बोलला की गं माणूस.
पण कुणाचं चुकलं म्हणाला?"

चौकशी सुरू आहे, मी म्हटलं.

ड्रॉवरची किल्ली माझ्याकडे असते.
साखळी न्यायला शेठ अजून आलेले नाहीत.
तिच्या पाकिटावर नाव घालायचं राहिलंय,
कुठल्या लिपीत
ते मॅडमना विचारून.